रास्पबेरी पायवर महिनाभर ४के रेकॉर्डिंग? हा मेसेज पुढे पाठवू नका

"सीसीटीव्हीवर पैसे घालवू नका! रास्पबेरी पाय ५ आणि कॅमेरा मॉड्यूल ३ घ्या, ३२ जीबीचं कार्ड टाका, घरातला जुना मोबाइल चार्जर जोडा. महिनाभर ४के रेकॉर्डिंग, अंधारातही स्पष्ट, दरमहा खर्च शून्य." (रास्पबेरी पाय म्हणजे एकाच बोर्डावरचा छोटा संगणक.) हा मेसेज माझ्या मामेभावापर्यंत पोचला आणि तो दुकानासाठी सामान मागवायला निघाला, म्हणून हे लिहितोय. उद्या दुकान फुटलं तर पोलिसांना तो याच फाइली दाखवणार आहे.

आधी ते ४के. हे लिहिणाऱ्याने कॅमेरा जोडून एकदाही बघितलेला दिसत नाही. पायवर जोडलेल्या कॅमेऱ्याची माहिती काढायला एक कमांड पुरते. मॉड्यूल ३ तीन मोड दाखवतो: १५३६×८६४ ला सेकंदाला १२० फ्रेम, २३०४×१२९६ ला ५६, आणि पूर्ण ४६०८×२५९२ ला जेमतेम १४. न अडखळणारा ४के व्हिडिओ सेन्सरकडूनच मिळत नाही, तर कार्डावर कुठून येणार? वर बोर्ड कुठला सुचवलाय, तर पाय ५. पाय ४ मध्ये एच.२६४ एन्कोडिंगसाठी, म्हणजे व्हिडिओ दाबून साठवण्यासाठी, वेगळं हार्डवेअर आहे, १०८०पी ३० फ्रेमपर्यंतचं. २०२३ मध्ये आलेल्या पाय ५ मध्ये ते ठेवलेलंच नाही, सगळा भार सीपीयूवर पडतो. कंपनीची दोन्ही तपशीलपत्रं शेजारी ठेवून वाचा: पाय ४ ला एन्कोडची नोंद आहे, पाय ५ ला फक्त एचईव्हीसी (व्हिडिओचा दुसरा एक प्रकार) डीकोडची, म्हणजे व्हिडिओ उलगडून दाखवण्याची. १०८०पी पाय ५ ला झेपतं, पण नवा बोर्ड म्हणजे रेकॉर्डिंगला सरस, हे चूक.

३२ जीबीत महिना? १०८०पीला सेकंदाला ४ मेगाबिट धरले तरी दिवसाचे ४३ जीबी होतात. पहिल्याच दिवशी कार्ड भरेल.

खरं नुकसान करणारा सल्ला चार्जरचा आहे. पाय ५ ला ५ व्होल्ट, ५ अँपिअरचा सप्लाय सांगितलेला आहे. जुन्या चार्जरवर व्होल्टेज पडतं, स्क्रीनच्या कोपऱ्यात विजेचं पिवळं चिन्ह येतं आणि कधीतरी बोर्ड मधेच बंद पडतो. साध्या एमपी४ फाइलची अनुक्रमणिका रेकॉर्डिंग थांबवताना लिहिली जाते. त्याआधी लाइट गेली की काही जीबीची फाइल कार्डावर दिसते, पण उघडत नाही. एफएफएमपेग या व्हिडिओच्या प्रोग्रॅमने तपासली तर 'मूव्ह अ‍ॅटम नॉट फाउंड', म्हणजे अनुक्रमणिका सापडली नाही, एवढंच उत्तर येतं. चोराने मेन स्विच पाडला तरी हेच होणार. म्हणून सलग एक फाइल कधीच करू नका. पायवर रेकॉर्डिंग करणाऱ्या आरपीआयकॅम-विड या कमांडमध्ये सेगमेंटचा, म्हणजे तुकडे पाडण्याचा, पर्याय आहे, तो मिलिसेकंदात घेतो. ६०००० दिले की मिनिटामिनिटाच्या फाइली पडतात. सोबत इनलाइनचा पर्याय लावा, म्हणजे प्रत्येक तुकडा स्वतंत्रपणे चालतो. लाइट गेली तर फार तर शेवटचा तुकडा जाईल.

दरमहा खर्च नाही, हे बऱ्यापैकी खरं आहे. क्लाउडची वर्गणी लागत नाही आणि फुटेज आपल्याच ताब्यात राहतं. एवढं मान्य.

अंधाराचं मात्र नाही. साध्या मॉड्यूल ३ वर इन्फ्रारेड प्रकाश अडवणारा फिल्टर असतो. फिल्टर नसलेला नोआयआर प्रकार घेतला तरी इन्फ्रारेड दिवा वेगळा लावावाच लागतो, आणि मेसेजातल्या खरेदीच्या यादीत तो कुठेच नाही.