‘बंद कर’ म्हणणारा हात

मायदेशातल्या मित्रांत सध्या एक वाद रंगलाय. अडगळीत, भंगारात सापडलेली दुसऱ्यांची रिळं जोडून कुणी फिल्म केली, तर तो दिग्दर्शक कसला? आणि त्या चेहऱ्यांची परवानगी कुणी घेतली?

पहिला प्रश्न मला शिळा वाटतो. १९३६ मध्ये जोसेफ कॉर्नेल या अमेरिकन कलावंताने ‘ईस्ट ऑफ बोर्निओ’ हा बोलपट कापून, त्यातल्या नायिकेभोवती ‘रोज होबार्ट’ ही वीसेक मिनिटांची फिल्म जुळवली. निळ्या काचेतून दाखवलेली ती फिल्म बघताना चित्रकार साल्वादोर दाली भडकला, पण माझी कल्पना चोरली म्हणून. रिळांच्या चोरीबद्दल त्याची तक्रार नव्हती!

दुसऱ्या प्रश्नाला मात्र मी इथे परदेशात बसून हसत होतो. इथल्या जुन्या बाजारात आठ मिलिमीटरची घरगुती रिळं डब्यांसकट विकायला असतात. डब्यावर पेन्सिलीने साल लिहिलेलं, बाकी काही नाही. अशाच रिळांची एक फिल्म मध्यंतरी पाहिली. एक मुलगी कॅमेऱ्याकडे धावत येते आणि जवळ येता येता धूसर होते. मागे दोरीवर कपडे वाळतायत. कोपऱ्यातून एक हात पुढे येतो, ‘बंद कर’ अशी खूण करतो, आणि पडदा पांढरा. त्या गल्लीशी माझा काडीचाही संबंध नाही, तरी घसा दाटला. देश सोडलेल्याला कुठलीही भिंत आपलीशी वाटते.

खटकलं ते बाहेर पडल्यावर. त्या हाताने नाही म्हटलं होतं, आणि मी तिकीट काढून ते पाहिलं होतं.

पेटर फोरगाच या हंगेरियन दिग्दर्शकाने १९८३ पासून बुडापेस्टमध्ये अशी रिळं जमवली, पण नातेवाइकांना गाठून, त्यांच्या आठवणी टिपून. १९८८ च्या ‘बार्टोश कुटुंब’ या फिल्मच्या नावातच घराचं नाव आहे. त्याच्या ‘खासगी हंगेरी’ मालिकेत सहलीतली हसरी माणसं दिसतात, आणि पुढे युद्धात काय होणार हे आपल्याला ठाऊक असतं. पोटात गोळा येतो.

इथे कुणी परवानगीचं विचारत नाही, कारण ओळखणारं कुणी उरलेलं नाही. तिकडे ‘अरे, ही तर आमची आत्या’ म्हणणारा माणूस तिसऱ्या रांगेत बसलेला असू शकतो. त्यामुळे या मुद्द्यावर मित्रांपुढे मी हरलो. माणूस सापडत असेल तर विचारलंच पाहिजे. पण तो हात फिल्ममधून काढायचा नाही, यावर मी अडून आहे. तो कापला असता, तर त्या घरात कुणाला तरी हे चित्रण नको होतं, हे मला कधी कळलंच नसतं.