मजाक करा, पण कोणावर?

राजेहो, पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात मारबतीच्या मिरवणुकीत निघणारे बडगे, म्हणजे पुतळे, नीट पाहा. त्यांच्यावर महागाई असते, भ्रष्टाचार असतो. गल्लीतला गरीब शेजारी नसतो. ऑफिसातल्या विनोदवीरांनी एवढं जरी उचललं तरी बऱ्याच भानगडी टळतील.

सर्व्हर बसला, एसी बंद आणि बाहेर ४५ डिग्री, शुक्रवारी संध्याकाळी सहाला मुंबईहून 'अर्जंट' मेल: यावर पोट दुखेस्तोवर हसा. माणसाचा रंग, टक्कल, आडनाव, लग्न यांना हात लावू नका. जातीवरून बोलणं तर विनोदात धरूच नका.

बोलीचंही तसंच. बुटीबोरीच्या कंपनीत भंडारा-गोंदियाकडचा पोरगा लागतो. मीटिंगमध्ये 'पानी' म्हणतो, टीम लीडर नक्कल करतो, सगळे हसतात. तोही हसतो. (नक्कल करणारा घरी काय 'पाणी' म्हणतो का, ते वेगळंच.) पुढच्या मीटिंगपासून पोरगा गप्प. मशीनचं रीडिंग चुकतंय हे त्याला दिसतं, पण बोललो तर पुन्हा हसतील म्हणून तो सांगत नाही. माल रिजेक्ट होऊन परत आला की सगळे त्यालाच विचारतात, "सांगितलं काऊन नाही बे?"

साहेबांनी एक ध्यानात ठेवावं, हाताखालच्यांना हसणं भाग असतं. त्यामुळे "सगळे तर हसले" याला काही अर्थ नाही. स्वतःवर मजाक करा, चालतो. रजा, पगारवाढ आणि कामाचं मूल्यमापन या तीन गोष्टी बोलताना मात्र अजिबात नको. सुट्टी मागणाऱ्याला "पुन्हा सासुरवाडी का?" म्हटलं की पुढच्या वेळी तो तापाचं कारण सांगून जातो. आणि 'बे' टपरीवर, बरोबरीच्यांत. वयानं मोठ्या शिपायाला नाही.

व्हॉट्सॲप ग्रुपवर तर दुप्पट सावध राहा. तिथं आवाजातला सूर पोचत नाही, स्क्रीनशॉट मात्र राहतो. कामाच्या ठिकाणी महिलांच्या लैंगिक छळाविरुद्धच्या २०१३ च्या कायद्यात लैंगिक रोखाचे शेरे छळातच मोडतात, 'फॉरवर्ड होतं' म्हणून सुटका होईल असं समजू नका. दहा किंवा जास्त माणसं असलेल्या ऑफिसात अंतर्गत समिती बंधनकारक आहे आणि तक्रारीला घटनेपासून तीन महिन्यांची मुदत असते.

जीभ घसरलीच तर त्याच दिवशी निस्तरा. चारचौघांत बोललात तर माफीही चारचौघांत, एका वाक्यात: "तुझी नक्कल केली, चुकलं माझं." पुढे "पण मजाक होता यार" जोडलं की माफी गेली पाण्यात.

बाजूला बसलेल्यांनाही भाषण ठोकायची गरज नाही. हसू नका, आणि विषय त्याच्याकडेच परत न्या: "हां, तू रीडिंगचं काय म्हणत होतास?"