जोडे, दरबार आणि ‘सुधारलेपण’ : एका प्रतिक्रियेला उत्तर

नमस्कार. मांडलेच्या दरबारातल्या जोड्यांच्या वादावरच्या लेखाला तुम्ही सविस्तर विरोध केलात, त्याबद्दल मनापासून आभार. तुमचे म्हणणे थोडक्यात असे : ब्रह्मदेशाच्या राजाने परदेशी वकिलांना जोडे काढून जमिनीवर बसवणे हा अपमानच होता, तो इंग्रजांनी नाकारला तर बिघडले काय? शिवाय ब्रह्मदेशाचा शेवटचा राजा थिबा याचे राज्य जोड्यांपायी गेले नाही, सागवानापायी गेले. आणि प्रत्येक शिष्टाचारात सत्ता हुडकणे ही हल्लीची खोड आहे. रीती बनतात त्या सोय आणि स्वच्छता पाहून.

आधी अपमानाचे बघू. जोडे काढण्याचा नियम परक्यांसाठी मुद्दाम केलेला नव्हता. मंत्री आणि राजपुत्रसुद्धा अनवाणीच आत जात आणि पाय मागे दुमडून बसत, कारण तळवे राजाकडे करणे हा तिथे मोठा अनादर. खुर्ची नव्हती, कारण राजासमोर कोणाचे डोके उंच दिसता कामा नये. 1795 मध्ये ईस्ट इंडिया कंपनीचा वकील मायकेल साइम्स तेव्हाच्या राजधानीत, अमरपूरच्या दरबारात गेला, 1855 मध्ये इंग्रज वकील आर्थर फेअर गेला. कुरकुर झाली, घासाघीस झाली, पण जोडे निघाले. ऐंशी वर्षे हे असेच चालले.

दरबार भाबडा होता असे मात्र मी लेखात म्हटले नव्हते आणि आताही म्हणत नाही. वकिलाला दिवसेंदिवस ताटकळत ठेवायचे, वाड्याकडे येताना वाटेत पुन्हा पुन्हा वाकून नमस्कार करायला लावायचे, आणि भेट शक्यतो ‘कडॉ’च्या दिवशी ठेवायची. कडॉ म्हणजे मांडलिकांनी आणि अधिकाऱ्यांनी नजराणे घेऊन राजाची क्षमा मागण्याचा दिवस. त्या रांगेत इंग्रज वकील बसला की पाहणाऱ्याने काय समजायचे ते समजावे. दरबार रिवाजातून सत्ता दाखवत होता, यावर आपले एकमतच आहे.

आता त्याच काळात हिंदुस्थानात काय चालले होते ते पाहा, कारण तुमच्या प्रतिक्रियेतून नेमकी हीच बाजू सुटली आहे. इथे जोडे काढायला लावणारे इंग्रज होते. कचेरीत, अदालतीत, साहेबाच्या भेटीला देशी माणसाने पायताण बाहेर ठेवून यायचे. 1854 साली गव्हर्नर जनरल डलहौसीच्या सरकारने थोडी सूट दिली : युरोपियन पद्धतीचे बूट आणि मोजे घातलेल्या देशी गृहस्थाने सरकारी समारंभात ते काढायची गरज नाही. देशी जोडे घातले असतील तर मात्र काढायचे. आपल्या मुंबई इलाख्यात 1862 मध्ये सुरतेच्या अदालतीत एका पारशी असेसरला (न्यायाधीशाला सल्ला देणाऱ्याला) जोड्यांसह आत येण्यास मनाई झाली आणि प्रकरण वरपर्यंत गेले.

वरवर पाहता हा नियम न्याय्य वाटतो. ज्याने ज्या पद्धतीचे पायताण घातले, त्याने त्या पद्धतीचा आदर पाळावा. पण तो लावून पाहा. देशी माणूस साहेबाकडे गेला की देशी रिवाज देशी माणसावर लागू. 1875 नंतर साहेब मांडलेला गेला की ब्रह्मी रिवाज साहेबावर लागू नाही. साहेब देशी माणसाच्या दिवाणखान्यात आला तरी बूट पायातच. तिन्ही ठिकाणी ज्याला कधीच वाकावे लागत नाही असा माणूस एकच निघतो. एखाद्या रिवाजात सत्ता किती आणि सौजन्य किती हे ओळखायचे असेल तर मी हेच पाहतो : नियम कोणाला बांधतो, सूट कोणाला मिळते, आणि मोडला तर भुर्दंड कोण भरतो. नियमाचा मजकूर त्यानंतर.

आता सागवान. युद्धाचे निमित्त सागवान तोडणाऱ्या बॉम्बे बर्मा या इंग्रज कंपनीला झालेला दंड होता, हे खरेच. ठरल्यापेक्षा जास्त ओंडके नेले या आरोपावरून 1885 मध्ये मांडलेच्या मंत्रिमंडळाने कंपनीला 23 लाख रुपयांच्या आसपास दंड ठोठावला. पण असा तंटा एरवी बोलणी करून मिटतो. बोलायला मांडलेत कोणी का नव्हते?

1875 मध्ये इंग्रज वकील डग्लस फोर्सिथ करेन्नीच्या (ब्रह्मदेशाच्या पूर्व सीमेवरच्या छोट्या संस्थानांच्या) प्रश्नावर मांडलेला गेला, जोडे काढून बसला, आणि परतल्यावर त्याने तक्रार केली. त्यावर हिंदुस्थान सरकारने ठरवले की यापुढे आपल्या रेसिडेंटने, म्हणजे मांडलेत राहणाऱ्या इंग्रज प्रतिनिधीने, जोडे काढायचे नाहीत. थिबाचा बाप मिंडॉन राजा याला हे मान्य होणे शक्यच नव्हते. 1826 मध्ये आराकान आणि तेनासेरिम हे किनाऱ्यावरचे प्रांत इंग्रजांकडे गेले होते, 1852 मध्ये पेगू गेले. समुद्रकिनारा हातचा गेल्यावर राजेपण उरले होते ते दरबारातच. आपल्या मंत्र्यांसमोर परक्याला बुटांसकट बसवले असते तर तेही संपले असते. परिणामी रेसिडेंट मांडलेत राहिला, पण राजाची भेट बंद झाली. त्याआधी मिंडॉन इंग्रज एजंटाशी समोरासमोर बोलत असे. आता सगळे मंत्र्यांमार्फत, आणि राजाला न रुचणारी गोष्ट मंत्री सांगणार कशाला? 1878 मध्ये मिंडॉन वारला, थिबा गादीवर आला, 1879 च्या फेब्रुवारीत राजघराण्यातल्या अनेकांची कत्तल झाली, आणि नव्या राजाच्या कानावर काही घालायला इंग्रजांना वाटच नव्हती. त्याच वर्षी ऑक्टोबरात रेसिडेन्सीच उठवली.

पुढची सहा वर्षे मांडलेच्या बातम्या ज्यांच्याकडून येत त्यांत प्रमुख होता इटलीचा वकील अँड्रिनो. तो बॉम्बे बर्मा कंपनीचा एजंटही होता. म्हणजे तंट्यातल्या एका पक्षाचा माणूसच सरकारचा कान झाला. सागवान हे कारण खरेच, पण ते कारण युद्धापर्यंत पोहोचले ते या तुटलेल्या संपर्कामुळे. शिवाय 22 ऑक्टोबर 1885 च्या निर्वाणीच्या खलित्यात दंडाची कारवाई थांबवण्याच्या मागणीबरोबर आणखी एक अट होती : आमच्या वकिलाला मानहानीकारक रिवाज न लादता राजाची भेट मिळावी. जोडे हे क्षुल्लक कारण असते तर खलित्यात कशाला आले असते? 28 नोव्हेंबरला मांडले पडले, 1 जानेवारी 1886 ला राज्य खालसा झाले, आणि थिबा त्याच वर्षी रत्नागिरीला आला तो 1916 मध्ये तिथेच वारला. थिबा पॅलेस बघायला जाणाऱ्यांना तिथे सागवानाची आणि दंडाची गोष्ट सांगावी, पण फोर्सिथचीही सांगावी, असे मला फार वाटते.

राहिला सोयीचा आणि स्वच्छतेचा मुद्दा. काही रीती तशा बनतात, नाकारत नाही. पण हे प्रकरण त्यात बसत नाही, आणि त्याचा पुरावा राजा गेल्यानंतरचा आहे. ब्रह्मदेशात दरबार उरला नाही, तरी बौद्ध पॅगोडात अनवाणीच जायचे हा रिवाज लोकांनी सोडला नाही. युरोपियन मात्र बूट घालून आत जात, आणि ब्रह्मी माणसाला जे निषिद्ध ते त्यांना चालते असे फलकही लागले होते. यंग मेन्स बुद्धिस्ट असोसिएशनने 1916 पासून यावर जाहीर आवाज उठवला. 1919 च्या ऑक्टोबरात मांडलेच्या आइंडोया पॅगोडात बूट घालून आलेल्या युरोपियनांवर भिक्षू धावून गेले; त्यांचा पुढारी उ केट्टया याला जन्मठेप झाली. शेवटी सरकारने ठरवले की आपल्या आवारात पायताण चालेल की नाही हे विहाराच्या प्रमुखानेच ठरवावे. तिथे ना राजा होता, ना मांडलिकांची रांग, ना पाय दुमडून बसण्याची सक्ती. काढायचे होते फक्त बूट, तेही सगळ्यांनी सारखेच. तरीही कित्येक युरोपियनांनी बूट काढण्याऐवजी रंगूनच्या श्वेडगॉन पॅगोडाला जाणेच सोडले. त्यांची अडचण गैरसोयीची असती, तर ब्रह्मी लोकांच्या बरोबरीने अनवाणी चालणे त्यांना इतके जड गेले नसते.