सतरंजी, खुर्ची आणि आठ गुरुधम्म: ‘एक उपासक’ यांच्या प्रतिक्रियेला उत्तर

दादा, जयभीम.

तुमची प्रतिक्रिया आली तेव्हा मी जालन्याहून परतूरला जाणाऱ्या एसटीत उभी होते, म्हणून नुसतं ‘वाचलं’ एवढं लिहून ठेवलं. आता घरातलं आवरून बसले आहे. उत्तर लांबेल.

ज्यांनी मागचा लेख वाचला नाही त्यांच्यासाठी सांगते. वर्षावासाचे, म्हणजे पावसाळ्यातले, तीन महिने विहाराची झाडलोट, भोजनदान, वर्गणी, संध्याकाळचं ग्रंथवाचन सगळं बायांच्या अंगावर असतं आणि पौर्णिमेला मंचावर मात्र पुरुष बसतात, असं मी लिहिलं होतं. ओघात आठ गुरुधम्मांचा, म्हणजे संघात येताना भिक्खुनींना घातलेल्या आठ अटींचा, विषय काढला. त्यावर तुमचं म्हणणं असं की गुरुधम्म मागाहून घुसडलेले आहेत, भिक्खुनींना बौद्ध देशांत कधीच आडकाठी झाली नाही, आणि स्त्रीच्या अवनतीचं खापर बुद्धावर फोडणाऱ्यांना बाबासाहेबांनी उत्तर देऊन ठेवलेलं असताना आपल्याच ताईने विरोधकांच्या हातात कोलीत देऊ नये. ‘घरचं वेशीवर टांगू नका’, हे तुमचं वाक्य. शिवाय पितळखोऱ्याची दत्ता भिक्खुनी नव्हती, ही दुरुस्ती.

दुरुस्ती मान्य. कन्नडजवळच्या पितळखोरा लेण्यातल्या त्या लेखात राजवैद्य मगिलाच्या मुलीचं दान, एवढंच आहे. तिला भिक्खुनी म्हणायला काही आधार नाही, मी घाईत लिहून गेले. लेखात बदल केला आहे. पण म्हणून आपल्याकडच्या लेण्यांत प्रव्रजिता, म्हणजे घर सोडून संघात गेलेल्या बाया, नाहीत असं समजू नका. रायगडातल्या कुडा लेण्यांत पदुमणिका नावाच्या प्रव्रजितेचा दानलेख आहे, आणि तिची आई नागणिका हीसुद्धा प्रव्रजिताच. आईचं नाव लावून दान देणारी भिक्खुनी! मला ही ओळ फार आवडते.

आता गुरुधम्म. चुल्लवग्गातली, म्हणजे संघाच्या नियमांच्या ‘विनय’ ग्रंथातली, गोष्ट तुम्हाला ठाऊक आहे. महापजापती गोतमी, जिने सिद्धार्थाला अंगावर पाजून वाढवलं, ती कपिलवस्तूत तीनदा प्रव्रज्या मागते आणि तीनदा नकार मिळतो. मग केस कापून, काषाय वस्त्रं नेसून ती शाक्य बायांना घेऊन वैशालीपर्यंत चालत जाते आणि सुजलेल्या पायांनी, धुळीने माखलेली, दाराबाहेर रडत उभी राहते. बुद्धांचा शिष्य आनंद मध्ये पडतो. स्त्रिया अर्हत, म्हणजे पूर्ण मुक्त, होऊ शकतात का, असं विचारतो. बुद्ध म्हणतात, होऊ शकतात. एवढं झाल्यावर आठ अटी येतात. त्यातली पहिलीच अशी की उपसंपदेला (संघातल्या पूर्ण दीक्षेला) शंभर वर्षं झालेल्या भिक्खुनीनेही आजच उपसंपदा झालेल्या भिक्खूला उठून उभं राहून, हात जोडून वंदन करायचं.

हे मागाहून आलेलं असावं, असं मलाही वाटतं. पालीचे अभ्यासक धर्मानंद कोसंबींनी त्याचं कारण साध्या शब्दांत सांगून ठेवलंय. विनयाचे नियम एकेका प्रसंगानंतर झाले. कुणी काही चुकीचं केलं, लोक कुरकुरले, बुद्धांनी नियम घातला, अशी ती पद्धत. हे आठ मात्र चूक व्हायच्या आधीच तयार. वर त्यांतले काही नियम भिक्खुनींच्या पाचित्तियात (कबुलीने सुटणाऱ्या चुकांच्या नियमांत) पुन्हा भेटतात, तिथं मात्र आपापल्या प्रसंगासकट. आधीच घातलेले असते तर नव्याने घालायची गरज काय होती?

बाबासाहेबांनी 1951 साली महाबोधी मासिकात लिहिलेला लेखही मी वाचलेला आहे, दादा. भिक्खुनी संघ भिक्खू संघाच्या देखरेखीखाली ठेवला तो बाया हलक्या म्हणून नव्हे, त्या नव्या होत्या, त्यांना शिकवायला कुणीतरी हवं होतं म्हणून, असं त्यांचं म्हणणं. मला ते पहिल्या पिढीपुरतं पूर्ण पटतं. पण शिकवणी कधीतरी संपते. शंभर वर्षांच्या भिक्खुनीने काय शिकायचं उरलेलं असतं?

आणि तुमचं-माझं खरं भांडण इथं नाहीच. समजा, सिद्ध झालं की आठही नियम प्रक्षिप्त आहेत. मग ते घुसडणारे कोण होते? भिक्खूंचं वस्त्र, चिवर, घातलेले आपलेच लोक. त्यांना वंदन करून घ्यायची सवय सुटत नव्हती. गेल्या वर्षी आमच्या भागात एक आर्याजी वर्षावासाला आल्या होत्या. वयाने साठीच्या पुढच्या, चिवर घेऊन बरीच वर्षं झालेल्या. कार्यक्रमात त्यांना सतरंजीवर बसवलं आणि नुकत्याच श्रामणेर (शिकाऊ भिक्खू) झालेल्या पोराला खुर्ची दिली. आयोजक गुरुधम्म मानणारे नव्हतेच, त्यांच्यातल्या निम्म्यांना तो शब्दही माहीत नसेल. तुमच्यासारखाच कुणी वाचलेला माणूस त्यात होता की नाही, ते मी विचारलं नाही. आर्याजी काही बोलल्या नाहीत. भोजनदानानंतर बायांनी ताटं घासली तेव्हा त्या आमच्यात येऊन बसल्या, एवढंच.

म्हणून म्हणते, पोथीतून नियम काढून टाकणं सोपं आहे.

ताटांवरून आठवलं. विनयात एक नियम आहे तो कुणी फारसा सांगत नाही. भिक्खूने नात्यात नसलेल्या भिक्खुनीकडून आपलं जुनं चिवर धुऊन घेऊ नये. दुसरा तसाच, लोकर धुऊन, रंगवून घेऊ नये. या दुसऱ्या नियमाचा प्रसंग वाचा. भिक्खुनी भिक्खूंची लोकर धुण्या-रंगवण्यात इतक्या गुंतल्या की त्यांचं पठण आणि साधना मागे पडली. महापजापती गोतमीने ही गोष्ट बुद्धांच्या कानावर घातली आणि त्यांनी ते काम भिक्खूंना बंद केलं. अडीच हजार वर्षांपूर्वी कुणीतरी ओळखलं होतं की बाईचा धम्म कुठं अडतो. धुण्यात अडतो. ज्या बुद्धाचा अभिमान तुम्हाला वाटतो तो मला या नियमात दिसतो. मग वर्षावासात एक महिना ताटं पुरुषांनी घासावीत, ही माझी मागची सूचना तुम्हाला ‘पाश्चात्त्य स्त्रीवाद’ का वाटली, ते मला खरंच कळलं नाही.

तुम्ही थेरीगाथेला, म्हणजे जुन्या भिक्खुनींच्या गाथांना, ‘काव्य’ म्हणून बाजूला सारलंत. आमच्या विहारात मागच्या आषाढापासून दर रविवारी ग्रंथवाचन झाल्यावर एक गाथा वाचतो. सुरुवात मुत्तेपासून केली. पालीत ती म्हणते, ‘सुमुत्ता साधु मुत्ताम्हि, तीहि खुज्जेहि मुत्तिया’. बरी सुटले बाई, तीन वाकड्यांपासून सुटले: उखळ, मुसळ आणि कुबडा नवरा. समोर बसलेल्या बाया आधी एकमेकींकडे बघत राहिल्या, मग अशा हसल्या की भंतेजी बाहेरून आत डोकावले. एक मावशी सोयाबीन खुरपून थेट विहारात आलेल्या, पायाला चिखल तसाच. म्हणाल्या, “आगं, हे तर आपल्या जात्यावरच्या ओव्यांवानी हाय. हिला कुणी शिकवलं?”

पुण्णिका वाचली तेव्हा मात्र कुणी हसलं नाही. ती दासी. मालकिणींच्या माराच्या धाकाने थंडीत नदीवर पाणी भरायला जाणारी. तिथं कुडकुडत स्नान करणाऱ्या ब्राह्मणाला ती विचारते, पाण्याने पाप धुतलं जात असेल तर बेडूक, कासवं सगळीच स्वर्गात जातील की. उन्हाळ्यात टँकरच्या रांगेत हंडा घेऊन उभं राहिलेल्या बाईला या गाथेचा अर्थ समजावून सांगावा लागत नाही. आणि सोमा! साधनेत मोह घालणारा ‘मार’ तिला ‘दोन बोटांच्या अकलेची’ म्हणतो, म्हणजे भात शिजला का ते दोन बोटांनी चेपून बघण्यापुरती बाईची बुद्धी. ती म्हणते, चित्त समाहित असेल तर बाईपणाने काय अडतं? हे काव्य आहेच. पण ज्यांना अडीच हजार वर्षांत कुणी ‘तुला काय कळतं’ म्हणायचं थांबलेलं नाही, त्यांना ते निव्वळ काव्य म्हणून ऐकू येत नाही.

आडकाठी झाली नाही, हेही बरोबर नाही. श्रीलंकेतली भिक्खुनी परंपरा अकराव्या शतकाच्या सुमारास खंडित झाली. 1996 मध्ये सारनाथला आणि 1998 मध्ये बोधगयेला श्रीलंकेच्या स्त्रियांनी पुन्हा उपसंपदा घेतली, तीही पूर्व आशियातल्या भिक्खुनींच्या मदतीने, कारण ती परंपरा तिकडे टिकून होती. थायलंडचा संघ आजही भिक्खुनींना मान्यता देत नाही. तिथल्या धम्मानंदा यांना 2003 मध्ये श्रीलंकेत जाऊन उपसंपदा घ्यावी लागली. हे सगळं आडकाठीशिवाय झालं असं म्हणायचं असेल तर म्हणा.

राहिलं वेशीवर टांगण्याचं. विरोधकांना कोलीत द्यायला माझा ब्लॉग लागत नाही, चुल्लवग्ग छापील मिळतो. आणि घरातलं घरातच बोलायचं तर घरात बोलायला जागा हवी. मंचावर ती नाही, समितीच्या बैठकीला आम्ही चहा घेऊन जातो, मग उरतो हा मोबाईल.

तुम्ही परभणीचे आहात, असं प्रतिक्रियेत लिहिलंय. रेल्वेने यायला फार वेळ लागत नाही. येत्या रविवारी पटाचाराची गाथा आहे, पाय धुताना पाणी कुठवर वाहत जातं ते बघणारी, सुईने वात खाली ओढून दिवा विझवणारी. या. मावशींना सांगितलंय, परभणीहून एक दादा येणार. त्या म्हणाल्या, येऊ द्या, पण सतरंजी झटकायला वेळेआधी या म्हणावं.