‘फी घेऊन बालभारतीच शिकवतात’ या एका स्टारच्या रिव्ह्यूला क्लासचं उत्तर

नमस्कार ताई,

तुमचा रिव्ह्यू वाचला. तक्रार थोडक्यात अशी, की सीईटीच्या (राज्याच्या इंजिनिअरिंग प्रवेश परीक्षेच्या) बॅचची फी भरली, दिवाळी उलटली, तरी गणितात अजून बोर्डाचंच पुस्तक चालू आहे. शेजारच्या मुलाला मोठ्या क्लासने जाडजूड मोड्यूल (क्लासने छापलेली अभ्यासाची पुस्तकं) दिले आणि तुमच्या मुलीच्या हातात मात्र बालभारती. ‘हे तर घरी बसूनही झालं असतं,’ असंही तुम्ही लिहिलंय.

पुस्तक चालू आहे, आणि ते मुद्दाम चालू आहे. प्रवेश देतानाच मी हे प्रत्येक पालकाला सांगतो.

एमएचटी-सीईटीचा अभ्यासक्रम राज्य मंडळाचाच आहे. गणिताचे ५० प्रश्न, प्रत्येकी २ गुण, वेळ ९० मिनिटं. त्यातले साधारण ४० बारावीवर आणि १० अकरावीच्या ठरावीक धड्यांवर. शेजारच्या मुलाचे मोड्यूल मी पाहिलेले नाहीत, पण जेईईसाठी, म्हणजे देशपातळीवरच्या इंजिनिअरिंग प्रवेश परीक्षेसाठी, छापलेले असतील तर एक गोष्ट तपासून बघा. जेईई मेनच्या गणितात लिनिअर प्रोग्रॅमिंग नाही आणि मॅथेमॅटिकल लॉजिकही काढून टाकलंय. सीईटीला दोन्ही आहेत, आणि ते हातचे गुण आहेत. चांगली हुशार मुलं ऐन एप्रिलमध्ये ‘सर, लॉजिकमधलं हे पी आणि क्यू काय प्रकरण आहे?’ म्हणून विचारत येतात, तेव्हा मला खरंच हळहळ वाटते.

आता ‘घरी बसून’ बद्दल. पेअर ऑफ स्ट्रेट लाइन्सच्या धड्यात एका धाटणीचं गणित आहे: ए एक्स वर्ग अधिक दोन एच एक्स वाय अधिक बी वाय वर्ग बरोबर शून्य या समीकरणाच्या दोन रेषांपैकी एकीचा स्लोप (चढ) दुसरीच्या चौपट असेल, तर १६ एच वर्ग बरोबर २५ एबी हे सिद्ध करा. गाइडवाली मुलं हे उत्तर पाठ करतात. परीक्षेत ‘चौपट’च्या जागी ‘तिप्पट’ आलं की पेन थांबतं. ज्याने स्लोपची बेरीज वजा दोन एच भागिले बी आणि गुणाकार ए भागिले बी, एवढंच धरून ते स्वतः मांडलंय, तो दोन ओळींत ३ एच वर्ग बरोबर ४ एबीवर येतो. सोडवलेलं उदाहरण नुसतं वाचलं की सगळं समजल्यासारखं वाटतं, आणि घरी नेमकं तेच होतं. आम्ही पुस्तक झाकून फळ्यावर सोडवायला लावतो, आणि प्रत्येक धड्याच्या शेवटचा मिसलेनियस एक्सरसाइज, त्यातल्या पर्यायी प्रश्नांसकट, वहीत तपासतो. मुलं कंटाळतात, मान्य आहे.

शिवाय सीईटीचा गणिताचा पेपर फक्त इंग्रजीत असतो. मराठी माध्यमातून आलेल्या मुलांची त्या भाषेची भीती याच पुस्तकाने मोडते. आणि बोर्डाचा ८० गुणांचा लेखी पेपरही यातूनच येतो, तो काय वेगळा काढणार?

पुस्तकावर सगळं भागतं असं मी कधीच म्हटलेलं नाही. प्रश्नांची काठिण्यपातळी जेईई मेनइतकी, हे परीक्षा घेणारं सीईटी सेलच सांगतं. एका प्रश्नाला वाट्याला येतात १ मिनिट ४८ सेकंद, तेव्हा वेगाचा सराव हवाच. जानेवारीपासून घड्याळ लावून पूर्ण पेपर सुरू होतात. निगेटिव्ह मार्किंग नाही, त्यामुळे एकही प्रश्न कोरा सोडायचा नाही, ही सवयही तिथेच लागते. वेळापत्रक प्रवेशाच्या वेळी दिलेल्या कागदावर आहे.

मुलीच्या चाचणीतल्या गुणांबद्दल तुम्ही लिहिलंत. त्यावर मी इथे चारचौघांत बोलणार नाही. रविवारी सकाळी मी पालकांसाठी क्लासवर असतो. तिला आणि तिची वही घेऊन या, कुठे अडतंय ते तिघं मिळून बघू. तरीही मोड्यूलच हवे असतील तर माझा राग नाही. येताना पावती आणा, उरलेल्या महिन्यांची फी परत देईन.