रेगन यांच्यासोबत बसलेले ‘तालिबान’ नव्हेत

व्हाइट हाउसमध्ये अध्यक्ष रेगन यांच्याशेजारी बसलेल्या दाढीवाल्या अफगाणांचा फोटो ‘अमेरिकेचे पाहुणे तालिबान’ या ओळीसह फिरतो आहे. ही ओळ चुकीची आहे. फोटो फेब्रुवारी १९८३चा, तर तालिबान संघटना १९९४ साली कंदहारमध्ये उभी राहिली.

फोटोतले लोक मुजाहिदीन, म्हणजे अफगाणिस्तानात सोव्हिएत फौजांशी लढणारे बंडखोर आहेत, आणि मुजाहिदीन म्हणजे एक फौज नव्हे. पाकिस्तानातल्या पेशावरात त्यांच्या सात सुन्नी पक्षांच्या कचेऱ्या होत्या. पैसा अमेरिका आणि सौदीचा, पण कोणाला किती द्यायचा हे पाकिस्तानची गुप्तचर संस्था आयएसआय ठरवायची. सर्वांत मोठा वाटा हिकमतयारच्या हिज्ब-ए-इस्लामी या पक्षाला मिळे. सप्टेंबर १९८६मध्ये जलालाबादजवळ खांद्यावरून डागलेल्या पहिल्या स्टिंगर या अमेरिकी विमानविरोधी तोफाही हिकमतयारच्याच माणसांच्या हाती होत्या. शिया गटांचा आधार इराण.

एप्रिल १९९२मध्ये सोव्हिएतधार्जिणे अध्यक्ष नजीबुल्लांची सत्ता कोसळली ती त्यांचाच सेनानी दोस्तम मुजाहिदीन सेनानी मसूदला मिळाल्यावर. जानेवारी १९९४मध्ये हाच दोस्तम हिकमतयारच्या बाजूने मसूदवर तुटून पडला. हिकमतयार दक्षिणेच्या चहार आसियाबवरून काबूलवर रॉकेटं टाकत होता. फेब्रुवारी १९९५मध्ये तालिबानने त्यालाच तिथून हुसकावलं. म्हणजे तालिबानच्या वाटेत अमेरिकी शस्त्रांवर पोसलेलेच गट उभे होते.

दाव्यात सत्याचा अंश आहे, तो लपवू नये: तालिबानचा संस्थापक मुल्ला उमर सोव्हिएतांविरुद्ध लढला होता, आणि अमेरिकी गुप्तचर संस्था सीआयएची मदत घेतलेला मुजाहिदीन सेनानी जलालुद्दीन हक्कानी १९९५मध्ये तालिबानला मिळाला. फोटो पुढे पाठवायचाच असेल, तर ‘मुजाहिदीन, १९८३’ एवढं लिहून पाठवा.