खलाशांनी झिजवलेले शब्द
इंग्रजी उच्चारांवरचा तुमचा लेख झकास, पण 'इंग्रजी उच्चारांना काही ताळतंत्रच नाही' हे त्यातलं वाक्य पटलं नाही. ताळतंत्र असतं, फक्त शब्दागणिक वेगळं. जहाजावरचेच शब्द घ्या. लिहिलेलं 'फोरकासल', म्हणायचं 'फोक्सल'. मध्ययुगात जहाजाच्या पुढच्या टोकाला लढण्यासाठी गढीसारखा लाकडी उंचवटा बांधत, तो हा. पुढे त्याच भागात खलाशी राहू लागले आणि शब्द त्यांच्या तोंडात झिजला. काही जण तर मधली अक्षरं गाळून स्वल्पविरामासारख्या चिन्हांनी तो लिहितात, बघायला भयंकर दिसतो! 'बोटस्वेन'चा 'बोसन' झाला, म्हणजे डेकवरच्या खलाशांचा मुकादम. 'गनवेल'चा 'गनल', म्हणजे होडीच्या बाजूची वरची कड.

उलट लिहिताना 'victuals' आणि म्हणताना 'व्हिटल्स', यात दोष खलाशांचा नाही, पंडितांचा. शब्द जुन्या फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात 'सी' नव्हताच. नंतर लॅटिनशी नातं दाखवायला तो स्पेलिंगात घुसडला, बोलणाऱ्यांनी मात्र त्याला दाद दिली नाही. अर्थ साधाच, खाण्यापिण्याची शिधासामग्री. 'डेट' (debt, म्हणजे कर्ज) मधला मुका 'बी' त्याच हौसेतून आला. शाळेत त्यापायी आम्ही मार खाल्ला तो वेगळाच!

आणि हो, आपला तांडेल, म्हणजे खलाशांचा म्होरक्या, तोही इंग्रजी कोशांत 'टिंडल' होऊन बसलाय. लेखाचा पुढचा भाग येणार असेल तर त्याला जागा द्याच.